एकटेपणा वेगळा, खिजगणतीत नसणं वेगळं

‘मला फार एकटं वाटतं’ असं सांगणारी बरीच माणसं तशी एकटी नसतात. घर भरलेलं असतं, कामावर दहा-वीस सहकारी असतात, फोनमध्ये ग्रुप असतात. त्यांचं दुखणं दुसरंच असतं, पण चटकन नाव सापडत नाही म्हणून ते त्याला एकटेपणा म्हणतात. खरं तर आपल्या भाषेत त्यासाठी नेमके शब्द आहेत: कुणाच्या खिजगणतीत नसणं.

एकटेपणात माणसांची उणीव असते. मनातलं बोलायला जवळचं कुणी नसतं आणि कुणी आलं की बरं वाटतं. दुसऱ्या दुखण्यात माणसं भोवतीच असतात, पण त्यांच्या लेखी आपण नसतो. एखादी मीटिंग डोळ्यांसमोर आणा. एक जण काही सुचवतो. कुणी मान वर करत नाही. पाच मिनिटांनी तेच दुसरा कुणी सुचवतो आणि सगळे ‘हे बरं आहे’ म्हणून लिहून घेतात. पहिल्याला लगेच राग येतोच असं नाही. आधी तो स्वतःलाच विचारतो, मघाशी मी खरंच मोठ्यानं बोललो होतो ना?

मला या शंकेचीच जास्त धास्ती वाटते. आपलं कुणी नाही हे दुःख मोठंच आहे, पण त्यात स्वतःच्या असण्याबद्दल शंका येत नाही. इथे ती येते, आणि रोज थोडीथोडी मुरते.

किपलिंग विल्यम्स या मानसशास्त्रज्ञानं वाळीत टाकलं जाण्याचा वर्षानुवर्षं अभ्यास केला. त्याच्या मते यात चार गरजांना धक्का बसतो: आपलेपणा, स्वतःची किंमत, परिस्थितीवरचा ताबा आणि आपल्या असण्याला अर्थ आहे ही भावना. त्याच्या प्रयोगात कॉम्प्युटरवर तिघांनी चेंडू एकमेकांकडे टाकायचा साधा खेळ असतो. थोड्या वेळानं बाकीचे दोघे तिसऱ्याला चेंडू देणं बंद करतात. समोर माणसं नसून कॉम्प्युटरच खेळतोय, हे आधी सांगितलं तरी लोकांना ते लागतं. शिवी देणाऱ्याशी निदान भांडता तरी येतं, कारण त्यानं आपल्याला मोजलेलं असतं. दुर्लक्षाशी कसं भांडणार? म्हणून काही जण सगळ्यांची मर्जी सांभाळत बसतात, काही जण एकदम फटकून वागतात. फार काळ असंच चाललं, तर माणूस प्रयत्नच सोडतो.

यातूनच सल्ल्याची चूक होते. ‘चार माणसांत मिसळ’ हे एकट्या माणसाला उपयोगी पडू शकतं. जो आधीच चार माणसांत बसून दिसेनासा झालाय, त्याला पाचवा घोळका दाखवून काय होणार? त्याला हवा असतो प्रतिसाद, आणि तो अगदी लहानसाही चालतो. २०१२ च्या एका प्रयोगात वाटेनं जाणाऱ्या अनोळखी बाईनं काहींच्या नजरेला नजर दिली, तर काहींकडे समोर कुणी नसल्यासारखं आरपार पाहिलं. लगेच विचारलं तेव्हा ज्यांच्याकडे असं आरपार पाहिलं गेलं त्यांना लोकांपासून जास्त तुटल्यासारखं वाटत होतं. एवढंसं कारण!

एडवर्ड ट्रॉनिक या मानसशास्त्रज्ञाचा १९७८ मध्ये प्रसिद्ध झालेला प्रयोग तर हा फरक अगदी उघडा करून दाखवतो. आई बाळाशी खेळते, मग काही मिनिटं चेहरा निर्विकार ठेवून नुसती त्याच्याकडे पाहत राहते. बाळ एकटं नाही, आई हातभर अंतरावर आहे. ते हसतं, हात पुढे करतं, आवाज काढतं. काहीच होत नाही म्हटल्यावर मान फिरवतं. पुढे आई पुन्हा हसून बोलायला लागते, तरी बरीच बाळं लगेच पूर्वीसारखी खुलत नाहीत. काही वेळ कुरकुरतात, नजर चुकवतात.