माँटेग्यू, आयव्हर

माँटेग्यू, आयव्हर : (२३ एप्रिल १९०४ – ५ नोव्हेंबर १९८४). ब्रिटिश क्रीडासंघटक, चित्रपटनिर्माते, संकलक व लेखक. आंतरराष्ट्रीय टेबल टेनिस महासंघाचे संस्थापक आणि १९२६ पासून १९६७ पर्यंत सलग अध्यक्ष. जन्म लंडनचा. वडील लुई माँटेग्यू हे दुसरे बॅरन स्वेदलिंग. घराणे ज्यू, पेढीचा मोठा व्यवसाय असलेले. आपल्याकडे माँटेग्यू–चेम्सफर्ड सुधारणांमुळे ठाऊक असलेले भारतमंत्री एडविन माँटेग्यू हे आयव्हर यांचे सख्खे चुलते. भावंडांत तिसरे असल्याने उमरावपद त्यांच्या वाट्याला येणार नव्हते. केंब्रिजला किंग्ज कॉलेजात त्यांनी प्राणिशास्त्राचे शिक्षण घेतले. तरुणपणीच ते डाव्या विचारांकडे वळले आणि पुढे कम्युनिस्ट पक्षात गेले. १९२७ मध्ये त्यांनी सामान्य कष्टकरी घरातल्या आयलीन हेल्स्टर्नशी लग्न केले, तेव्हा वर्तमानपत्रांत त्याचा मोठा गवगवा झाला.

टेबल टेनिस हा त्या काळी दिवाणखान्यातला, जेवणानंतरचा खेळ होता. ‘पिंग-पाँग’ हे नाव तर एका क्रीडासाहित्य कंपनीने व्यापारचिन्ह म्हणून नोंदवून ठेवलेले. खेळ वाढायचा तर तो कुणा एका दुकानाच्या मालकीचा असून चालणार नव्हता, म्हणून ‘टेबल टेनिस’ हेच नाव रूढ करण्यात आले. १९२६ च्या डिसेंबरमध्ये लंडनला महासंघाची घटना मंजूर झाली आणि त्याच वेळी पहिली मोठी स्पर्धाही भरली. ती ठरली होती युरोपीय स्पर्धा म्हणून. परंतु भारतीय खेळाडूही उतरल्याने तिला जागतिक अजिंक्यपद स्पर्धा असे नाव मिळाले. संस्थापक सभासदांत भारत होता, हे आपण सहसा विसरतो. पुरुषांच्या सांघिक विजेतेपदाचा स्वेदलिंग करंडक माँटेग्यूंच्या आईने दिलेला आहे.

नियमांच्या बाबतीत माँटेग्यू कठोर होते. १९३६ च्या प्राग स्पर्धेत एर्लिख आणि पानेथ या दोन बचावपटूंचा एकच गुण दोन तासांहून अधिक वेळ चालला. चेंडू इकडून तिकडे, तिकडून इकडे. कुणीही फटका मारायला तयार नाही. त्यानंतर जाळी पावणेसात इंचांवरून सहा इंचांवर आणली गेली व सामन्यांना वेळेची मर्यादा कडकपणे लागू झाली. पुढच्याच वर्षी बाडेनला महिला एकेरीची अंतिम लढत या मर्यादेत संपली नाही, तेव्हा दोन्ही खेळाडूंना बाद ठरवून अजिंक्यपद रिक्त ठेवण्यात आले. हा निर्णय अन्यायाचा होता. रूथ आरन्स आणि ट्रूडी प्रिट्सी यांना संयुक्त विजेतेपद मिळायला २००१ साल उजाडले.

रटाळपणाची हीच चीड त्यांच्या चित्रपटकामात दिसते, आणि तिथे तिने फार चांगले काम केले. हिचकॉकचा ‘द लॉजर’ हा मूकपट वितरकाने नाकारून बाजूला ठेवला होता. निर्माते मायकेल बाल्कन यांनी तो माँटेग्यूंच्या हाती दिला. पडद्यावर वारंवार येणाऱ्या मजकुराच्या पाट्या त्यांनी शेकड्यांवरून ऐंशीच्या आसपास आणल्या, उरलेल्या पाट्यांची सजावट मॅकनाइट कॉफर या पोस्टरकाराकडून करून घेतली आणि काही दृश्ये पुन्हा चित्रित करायला सुचवले. १९२७ मध्ये प्रदर्शित झालेल्या या चित्रपटाने हिचकॉकचे नाव झाले. पुढे ‘द ३९ स्टेप्स’ (१९३५) आदी हिचकॉकपटांचे ते सहनिर्माते होते.

त्याआधी, १९२५ मध्ये, त्यांनी सहकाऱ्यांसह लंडनमध्ये ‘फिल्म सोसायटी’ काढली होती. सार्वजनिक चित्रपटगृहात सेन्सॉर जे दाखवू देत नसे, ते खासगी संस्थेच्या सभासदांना दाखवता येई. सोव्हिएत दिग्दर्शक आयझेनस्टाइनचा ‘बॅटलशिप पोटेमकिन’ इंग्लंडमध्ये १९२९ साली दिसला तो याच वाटेने. १९३० मध्ये आयझेनस्टाइनबरोबर ते हॉलीवूडलाही गेले, पण तिथल्या स्टुडिओला त्यांच्या पटकथा पटल्या नाहीत. स्पेनच्या यादवी युद्धात त्यांनी ‘डिफेन्स ऑफ माद्रिद’ (१९३६) हा अनुबोधपट केला.

सभासदत्व हे दार उघडण्याचे साधन आहे, ही जाण त्यांनी खेळातही वापरली, आणि माझ्या मते तेच त्यांचे सर्वांत मोठे काम. महासंघाचे सभासद देशांची सरकारे नव्हेत, तर खेळाच्या संघटना असत. त्यामुळे बहुतेक जागतिक संस्थांची दारे बंद असताना, १९५३ मध्ये चीनची संघटना महासंघात आली. १९५९ मध्ये रुंग क्वोत्वान हा चीनचा कोणत्याही खेळातला पहिला जगज्जेता ठरला. १९६१ ची जागतिक स्पर्धा बीजिंगला झाली. त्यापूर्वी १९५२ ची स्पर्धा मुंबईत भरली होती. स्पंजची बॅट घेऊन आलेल्या जपानच्या हिरोजी सातोने ती जिंकली आणि खेळाची जातच पालटली. १९७१ मध्ये अमेरिकी टेबल टेनिस संघ चीनला गेला आणि दोन देशांतले तुटलेले संबंध जुळू लागले, तेव्हा माँटेग्यू अध्यक्षपदावरून उतरून चार वर्षे झाली होती.

सोव्हिएत संघावरील त्यांची निष्ठा स्टालिनच्या काळातही ढळली नाही, आणि ही त्यांच्या आयुष्यातली गंभीर चूक म्हणूनच नोंदवली पाहिजे. १९५९ मध्ये त्यांना लेनिन शांतता पुरस्कार मिळाला. ब्रिटिश गुप्तचर खाते त्यांची पत्रे वर्षानुवर्षे फोडून वाचत होते. त्या फायलींत टेबल टेनिसचा पत्रव्यवहारही आहे. महायुद्धकाळातील उकललेल्या सोव्हिएत सांकेतिक तारांमध्ये ‘इंटेलिजेन्शिया’ या टोपणनावाने येणारा खबऱ्या म्हणजे माँटेग्यूच, असे अनेक अभ्यासक मानतात. त्याच काळात त्यांचे थोरले भाऊ यूएन माँटेग्यू ब्रिटिश नौदलाच्या गुप्तचर विभागात होते आणि १९४३ मध्ये जर्मनांना चकवणारी ‘मिन्समीट’ मोहीम आखत होते.