गंधर्वनगरी

गंधर्वनगरी म्हणजे आकाशात दिसणारं पण नसलेलं शहर. तट, बुरूज, वाडे, कमानी सगळं नीट दिसतं, एकट्याला नाही तर शेजारी उभ्या असलेल्या चौघांना दिसतं आणि तिकडे चालायला लागलं की विरून जातं. संस्कृतात गंधर्वनगर किंवा खपुर म्हणतात (ख म्हणजे आकाश), ज्ञानेश्वरीत गंधर्वदुर्ग असा शब्द आलाय. आपण आता हा शब्द फार सैल वापरतो, एखादा झगमगाट केलेला हॉल बघितला की लगेच "अगदी गंधर्वनगरी!", आणि पुण्यात तर गंधर्व म्हटलं की आधी बालगंधर्वच आठवतात. पण मूळ कल्पना सौंदर्याची नाहीच, ती जे दिसतं ते आहे का या प्रश्नाची आहे.

बरेच जण मयसभेशी गल्लत करतात म्हणून तो फरक इथेच सांगतो. मयसभेत पाणी खरंच होतं आणि स्फटिकाची जमीनही खरीच होती, फक्त एक दुसऱ्यासारखं दिसत होतं, म्हणून तर दुर्योधन पाण्यात पडला आणि भिजला. गंधर्वनगरीत कोणी पडूच शकत नाही, कारण पडायला तिथे काही नसतं. महाभारताच्या आदिपर्वात हे फार सुंदर वापरलंय: पंडू गेल्यावर ऋषी कुंतीला आणि मुलांना हस्तिनापुरात पोचवायला येतात, बोलून झाल्यावर सगळ्यांच्या डोळ्यांदेखत तिथल्या तिथे नाहीसे होतात, आणि ते कसे तर गंधर्वनगरासारखे.

ज्योतिषात हा शकुन मानला जायचा. सहाव्या शतकातल्या वराहमिहिराच्या बृहत्संहितेत यावर वेगळा अध्याय आहे, कुठल्या दिशेला दिसलं आणि कुठल्या रंगाचं दिसलं त्यावरून कोणावर संकट येणार ते ठरवायचं. म्हणजे नसलेल्या शहराला खरा परिणाम होता.

खरी मजा आहे ती तत्त्वज्ञांच्या भांडणात. उदाहरण एकच, आणि प्रत्येकजण ते आपल्या बाजूने ओढतो. बौद्ध तत्त्वज्ञ नागार्जुन आपल्या मूलमध्यमककारिका या ग्रंथात सातव्या प्रकरणाच्या शेवटी म्हणतो की माया जशी, स्वप्न जसं, गंधर्वनगर जसं, तसंच वस्तूंचं उपजणं, टिकणं आणि मोडणं. म्हणजे ते शहर हा अपवाद नाही, तुमच्या समोरचा माठ, घर, तुम्ही स्वतः, कशालाच स्वतःचं असं ठाम अस्तित्व नाही, सगळं कशाच्या तरी आधाराने दिसतंय. पुढे सतराव्या प्रकरणात तो कर्म, कर्ता आणि फळ यांनाही त्याच रांगेत बसवतो. (याचा अर्थ "काहीच नाही" असा घेतला तर नागार्जुनावर अन्याय होतो, "आहे" आणि "नाही" दोन्ही टोकं तो नाकारतो.)

न्यायवाल्यांना, म्हणजे तर्काने खरं-खोटं ठरवणाऱ्या न्याय दर्शनाच्या लोकांना, हे अजिबात पटत नाही. न्यायसूत्रांच्या चौथ्या अध्यायात हाच दाखला विरोधकाच्या तोंडी घातलाय आणि मग खोडून काढलाय. या सूत्रांवरचं वात्स्यायनाचं भाष्य इथे मला सगळ्यात आवडतं कारण तो माणूस सरळ हवेकडे बघतो. त्याचं म्हणणं असं की धुकं वगैरे शहराच्या आकारात जमलेलं असतं आणि लांबून बघणाऱ्याला ते शहर वाटतं, तसं जमलं नाही तर वाटत नाही. म्हणजे चूक झाली तरी ती कशावर तरी झाली, धुकं खरंच होतं, आणि खरी शहरं कुठेतरी आहेत म्हणूनच तर धुक्यात शहर ओळखता आलं.

अद्वैताचे जुने आचार्य गौडपाद यांच्या कारिकांमध्ये पुन्हा तोच दाखला, स्वप्न, माया आणि गंधर्वनगर जसं दिसतं तसंच हे विश्व, पण इथे बघणारा, म्हणजे आत्मा, मात्र खरा राहतो, आणि त्या एका गोष्टीने अद्वैत नागार्जुनापासून वेगळं होतं. ज्ञानेश्वर तर वाद घालतच नाहीत. पंधराव्या अध्यायात संसाराचा उलटा वृक्ष तोडायचा विषय निघतो तेव्हा ते विचारतात, "गंधर्वदुर्ग कायी पाडावें", सशाचं शिंग काय मोडायचं, आकाशातलं फूल आधी असलं तर तोडणार ना! नसलेला किल्ला पाडायला तोफा कशाला, तो नाही हे कळलं की झालं. इतक्या अवघड गोष्टीला इतकं घरगुती उत्तर मी तरी दुसरीकडे वाचलेलं नाही.

आजच्या विज्ञानात याच्या सगळ्यात जवळचा प्रकार म्हणजे फाता मोर्गाना नावाचा दृष्टिभ्रम, इटलीत सिसिली आणि कालाब्रिया यांच्यामधल्या मेसिनाच्या सामुद्रधुनीवर तो दिसतो म्हणून प्रसिद्ध आहे. खाली गार हवा आणि वर गरम हवा असली की प्रकाश खाली वाकतो, क्षितिजाजवळच्या किनाऱ्याची किंवा बर्फाची प्रतिमा उचलली जाते, सुलट-उलट प्रतिमा एकावर एक चढतात, ताणल्या जातात आणि भिंती-मनोरे तयार होतात. हवेचे थर हलतात तसं शहरही बदलतं. रस्त्यावरचं मृगजळ याच्या उलट, तिथे तापलेली हवा खाली असते.

याने मोठी माणसं फसलीत. अमेरिकन शोधक रॉबर्ट पिअरीने 1906 मध्ये आर्क्टिकमध्ये लांबवर जमीन दिसल्याचं सांगितलं, तिला क्रॉकर लँड नाव दिलं (त्याने खरंच काही पाहिलं का यावरच आता शंका घेतात), आणि 1913 मध्ये डोनाल्ड मॅकमिलनची मोहीम ती शोधायला निघाली. 1914 च्या एप्रिलमध्ये गोठलेल्या समुद्रावर त्यांना समोर डोंगर, दऱ्या, बर्फाची शिखरं स्पष्ट दिसली. सोबतचा इनुइट वाटाड्या पिउगात्तोक म्हणाला, हे धुकं आहे. वात्स्यायनाचंच उत्तर! तरी ते पुढे गेले. सूर्य सरकत गेला तसे डोंगर बदलत गेले आणि रात्री समोर नुसता बर्फ उरला.