240 दिवस भरले म्हणजे नोकरी कायम झाली का?

सलग 240 दिवस काम केले की कामगार आपोआप कायम होतो, हा समज कारखान्यांच्या फाटकांपासून सरकारी कार्यालयांपर्यंत अनेक वर्षे फिरत आहे. तो त्या स्वरूपात बरोबर नाही.

1947 च्या औद्योगिक विवाद कायद्यात 240 दिवसांचा निकष 'अखंड सेवा' मोजण्यासाठी होता. तो पूर्ण करणाऱ्याला कामावरून कमी करायचे तर एक महिन्याची नोटीस किंवा तिच्याऐवजी वेतन, आणि दर पूर्ण वर्षामागे 15 दिवसांच्या सरासरी वेतनाइतकी भरपाई द्यावी लागे. हे कपातीविरुद्धचे संरक्षण होते, कायमपणाचा हुकूम नव्हे. 2020 च्या औद्योगिक संबंध संहितेतही हीच मांडणी आहे.

मग हा समज महाराष्ट्रातच इतका पक्का का? कारण 1959 च्या मुंबई नियमांतील आदर्श स्थायी आदेशांत (आस्थापनेतील नोकरीच्या अटी ठरवणाऱ्या नमुना नियमांत), मागील बारा महिन्यांत 240 दिवस (हंगामी आस्थापनेत 190) भरलेल्या बदली (म्हणजे गैरहजर कामगाराच्या जागी काम करणाऱ्या) वा तात्पुरत्या कामगाराला कायम करण्याची तरतूद खरोखरच होती. मात्र ती स्थायी आदेश लागू असलेल्या आस्थापनांपुरतीच.

सरकारी सेवेत तर सर्वोच्च न्यायालयाच्या 2006 च्या उमादेवी निकालाने स्पष्ट केले की मंजूर पद आणि रीतसर भरतीप्रक्रिया यांवाचून केवळ दीर्घ सेवेच्या आधारे कायमपणाचा हक्क सांगता येत नाही.