कोकणातील वीरगळ आणि ते घडवणारे पाथरवट

लढाईत, गाईगुरे सोडवताना किंवा गावाच्या रक्षणासाठी कामी आलेल्या माणसाच्या स्मरणार्थ उभारलेली कोरीव शिळा म्हणजे वीरगळ. कोकणात या शिळा ग्रामदेवतेच्या देवळाच्या आवारात, तळ्याकाठी, वडा-पिंपळाच्या पारावर, कधी गावाच्या शिवेवर आढळतात. त्यांतल्या पुष्कळशा शिलाहार आणि यादव या राजघराण्यांच्या काळातल्या आहेत. वीरगळांवरून त्या काळची शस्त्रे, पोशाख, राजवटी यांचा शोध घेतला जातो. त्या घडवणाऱ्या पाथरवटाकडे मात्र लक्ष कमी जाते. वास्तविक एका घरावर कोसळलेले दुःख हाती घ्यायचे आणि साऱ्या गावाला वाचता येईल अशा चित्रात ते बसवायचे, हे अवघड काम त्याचे होते.

वीरगळ खालून वर वाचतात. तळाच्या चौकटीत धारातीर्थी पडलेला वीर, त्यावर लढाई, त्यावर त्याला स्वर्गात नेणाऱ्या अप्सरा आणि सर्वांत वर शिवलिंगाची पूजा करणारा तोच वीर, असा हा क्रम. माथ्यावर कलश आणि चंद्र-सूर्य: ते आकाशात आहेत तोवर ही कीर्ती राहो, हा त्यांचा अर्थ. चौकटी कमी-जास्त होतात, पण नजर खालून वर न्यायची ही रीत मोडत नाही. सांगायचे काय हे परंपरेनेच ठरवून ठेवले होते. घरच्यांना दुःखाच्या भरात शब्द शोधावे लागत नव्हते. पाथरवटाने भरायचा तो त्या एका माणसाचा तपशील: ढाल कशी, घोडा होता की नाही, समोर किती जण होते, मागे गाई होत्या का. गाईंसाठी मेलेल्याच्या शिळेवर गाई येतात. समुद्रात मेलेल्याच्या शिळेवर नौका.

नौकांचे वीरगळ पाहायचे तर मुंबईत बोरिवलीजवळच्या एक्सर गावी जावे. तिथे सहा शिळा असून त्यांतल्या काही सुमारे १० फूट उंच आहेत. एका शिळेच्या तळाच्या चौकटीत उंच नाळेच्या, म्हणजे पुढच्या टोकाच्या, पाच नौका लढाईला निघाल्या आहेत. प्रत्येकीला डोलकाठी, एका बाजूला नऊ वल्ह्यांची रांग, वर धनुर्धारी. शेवटच्या नौकेच्या मागच्या अंगाला स्त्रिया दिसतात, त्यावरून ती नायकाची नौका मानतात. वरच्या चौकटीत चार नौकांनी मिळून एका नौकेला घेरले आहे आणि तिच्यावरची माणसे पाण्यात पडत आहेत. पडणाऱ्यांनाही पाथरवटाने वगळले नाही, ही गोष्ट मला मोठी वाटते. राजाच्या विजयाची नोंद हवी असती तर एवढ्या माणसांना असे एकेक करून कोरायची गरज नव्हती.

ही लढाई १२६५ च्या सुमाराची असावी, असे अनेक अभ्यासक मानतात. उत्तर कोकणचा शेवटचा शिलाहार राजा सोमेश्वर आणि देवगिरीचा महादेव यादव यांच्यातला तो संघर्ष. सोमेश्वर आपल्या सैन्यासह समुद्रात बुडाल्याचा उल्लेख यादवांचा मंत्री हेमाद्री याच्या प्रशस्तीत आहे. काही जण मात्र शिळांचा काळ त्याआधीचा धरतात.

कोकणात घरे, गडगे (आवाराच्या भिंती), विहिरी बांधल्या जातात त्या जांभ्याच्या. पण जांभा सच्छिद्र. त्यात बोटे, वल्ही, धनुष्याची दोरी असे बारीक काम टिकत नाही. म्हणून कोरीव कामासाठी काळा पाषाण लागे. तो कठीण असल्याने छन्नी-हातोड्याचे काम हळूहळू चाले आणि चुकलेला घाव परत घेता येत नसे. महाराष्ट्रातल्या बहुतेक वीरगळांवर लेख नसतो. त्यामुळे मेलेल्याचे नाव गेले आणि घडवणाऱ्याचेही.

वीरगळांच्या जोडीने सतीशिळा येतात. त्यांवरची ठरलेली खूण म्हणजे कोपरात वाकलेला, पंजा उघडा असलेला स्त्रीचा हात. मनगटात बांगड्या असतात, आणि त्या फुटलेल्या नसतात. सती गेलेली स्त्री सौभाग्यासह गेली, असे समाजाला म्हणायचे होते आणि पाथरवटाने ते बांगड्यांतून सांगितले. ती आपल्या मनाने गेली की तिला जावे लागले, हे शिळा सांगत नाही. मुंबई इलाख्यात सती १८३० मध्ये बंद झाली. कोरीवकाम कितीही देखणे असले तरी इथे कुणाचे दुःख कोरले गेले आणि कुणाचे दाबले गेले, हा प्रश्न विचारलाच पाहिजे.

गद्धेगळ याहून वेगळा. दान मोडणाऱ्याला शाप देणारी ती शिळा असते. अलिबागजवळच्या आक्षीचा प्रसिद्ध शिलालेख अशाच शिळेवर आहे.

कथा विसरली गेली तरी शिळेचा मान बऱ्याच ठिकाणी सुटला नाही. कुणी तिला मूळपुरुष म्हणतात, कुणी पूर्वस, आणि नारळ ठेवून गाऱ्हाणे घालतात. या श्रद्धेमुळेच कित्येक शिळा जागेवर राहिल्या. तिच्याचपायी शेंदराचे आणि तेलरंगाचे थरही चढले. थरांखाली वल्ही, चेहरे, बांगड्या बुजतात. त्यात कोकणचा पाऊस आणि खारा वारा आहेच. देवळाचा जीर्णोद्धार करताना शिळा सिमेंटमध्ये बसवली की तळाची चौकट बहुधा गाडली जाते आणि वाचन जिथून सुरू व्हायचे तीच जागा हरवते. रंग काढायला ॲसिड किंवा तारेचा ब्रश वापरू नये. ते काम पुरातत्त्व खात्याच्या जाणकारांचे. झिजलेली शिळा वाचायची असेल तर सकाळ-संध्याकाळच्या तिरप्या उन्हात जावे किंवा अंधारात बाजूने विजेरी धरावी. भर दुपारी सपाट वाटणाऱ्या दगडावर तेव्हा माणसे दिसू लागतात.