हरकत कुणाची आहे?

आमच्या नदीचं नाव पांझरा की पांजरा? गावात दोन्ही चालतं, कागदोपत्रीही दोन्ही सापडतं. मी विकिपीडियावर ‘पांझरा’ लिहिलं, कुणीतरी ‘पांजरा’ केलं, मी परत फिरवलं. तिसऱ्या खेपेला समोरच्याने चर्चापानावर एकच ओळ टाकली, ‘संदर्भ काय?’, खाली चार टिल्ड (~~~~) मारून सही, तिथली सही अशीच उमटते. भांडण तिथेच जिरलं, कारण माझ्याकडे संदर्भ नव्हता. होतं ते फक्त गाव.

नदीचं नाव काहीही असो, एकमत कसं करायचं हे तिच्या काठाला जुनंच ठाऊक आहे. साक्री-धुळ्याकडची फड पद्धत काही शतकांची. नदीवर दगडी बंधारा, त्यातून पाट, पाटाखालची जमीन तीन-चार फडांत वाटलेली. एका फडात सगळ्यांनी एकच पीक घ्यायचं. यंदा ऊस कुठे, गहू कुठे, पाणी कमी असेल तर कुठला फड पडीक, हे बागायतदार बसून ठरवणार आणि पाणी फिरवणार पाटकरी. इथे नुसती डोकी मोजून भागत नाही. पाटाच्या शेपटाला ज्याचं शेत, तो एकटा असला तरी पाणी त्याच्यापर्यंत पोचत नाही हे खरंच असतं. ‘तुमनं काय म्हननं शे?’ हे त्याला विचारावंच लागतं.

इंटरनेटवर फुकट राबणाऱ्यांपुढे हाच पेच निराळ्या वाटेने आला. जाळ्याचे तांत्रिक नियम ठरवणारी इंटरनेट इंजिनिअरिंग टास्क फोर्स 1986 पासूनची. तिला सदस्यत्वच नाही. मग मत कुणाकुणाचं मोजणार? डेव्हिड क्लार्क यांनी 1992 मध्ये सूत्र मांडलं: राजा नको, अध्यक्ष नको, मतदानही नको, ढोबळ सहमती आणि चालणारा कोड पुरे. तिथल्या बैठकीत हात मोजण्याऐवजी ‘हं’ असा हुंकार भरायची आणि आवाजावरून कल जोखायची प्रथा पडली. ऐकायला गंमत वाटते. पण त्यांच्याच 2014 च्या टिपणात याहून धीट गोष्ट आहे: पाच बाजूने आणि शंभर विरोधात असले तरी ढोबळ सहमती असू शकते. शंभरांच्या हरकतीला नीट उत्तर दिलेलं असलं की झालं. हरकत मान्य करायलाच हवी असं नाही, पण ती ऐकून तिचा निकाल लावायला हवा.

अपाची या मुक्त सॉफ्टवेअरच्या मंडळींनी मौनाला संमती धरलं. ‘मौनं संमतिलक्षणम्’ आपल्याला नवं नाही. मात्र कोडमधला बदल अडवायचा तर ‘उणे एक’ असं विरोधी मत देऊन तांत्रिक कारण द्यावं लागतं. कारण नसेल तर तो नकार धरत नाहीत.

विकिपीडिया 2001 चा, मराठी विकिपीडिया 1 मे 2003 चा. त्याच्या सार्वजनिक चर्चेच्या पानाचं नाव ‘चावडी’. नाव ठेवणाऱ्याला दाद द्यावी. विकिपीडियावर सहमती कायमची नसते, ती बदलू शकते हे नियमातच आहे. ठळक दाखला युक्रेनच्या राजधानीचा. इंग्रजी विकिपीडियावर ‘कीव्ह’चं रशियन वळणाचं स्पेलिंग वर्षानुवर्षं टिकलं, बदलाचे प्रस्ताव पुन्हा पुन्हा पडले. 2019 मध्ये असोसिएटेड प्रेससारख्या वृत्तसंस्थेने युक्रेनियन वळणाचं स्पेलिंग धरलं आणि सप्टेंबर 2020 मध्ये लेखाचं शीर्षक बदललं. वादी बरेचसे जुनेच होते, पुरावा नवा होता.

फडाला हंगाम असतो. दरवर्षी पाणी बघून ठराव आपोआप उघडतो. चर्चापानाला हंगाम नाही. तिथे जुना ठराव कुणी आणि कशाच्या जोरावर उघडायचा, यावरच निम्मी भांडणं होतात, आणि ज्याच्याकडे वेळ जास्त तो पुष्कळदा जिंकतो. हा दोष अजून कुणाला पुरता काढता आलेला नाही.

विहिरी वाढल्या, वरच्या अंगाला धरणं झाली, तसे बरेच फड मोडले. ज्याच्या शेतात स्वतःची मोटार, तो बैठकीला कशाला येईल? नदीच्या लेखावर मात्र ‘इतिहास’ दाबला की माझ्या तिन्ही फेऱ्या अजून दिसतात, वेळेसकट.