शून्य परिकल्पनेत नमुन्याची सरासरी घालू नका

'आकडे आधी बघा, मग परिकल्पना मांडा' हा सल्ला संख्याशास्त्राच्या क्लासच्या नोट्समधून वर्षानुवर्षं फिरतोय. तो चुकीचा आहे.

तापाचंच उदाहरण घ्या. ९८.६ फॅरनहाइट म्हणजे नॉर्मल, हे १८६८ साली जर्मन डॉक्टर वुंडरलिश यांनी रूढ केलं. १९९२ मध्ये अमेरिकेतल्या मेरिलँडच्या संशोधकांनी १४८ निरोगी माणसांची ७०० मोजमापं घेतली. सरासरी आली ९८.२. आता शून्य परिकल्पना, म्हणजे चाचणीसाठी आधी खरं धरून चालायचं ते विधान, मांडायची आहे. बरेच विद्यार्थी लिहितात: म्यू = ९८.२. अहो, ९८.२ तर हातात मोजलेलंच आहे, त्याची चाचणी कसली घेणार? प्रश्न समष्टीच्या (मोजलेल्याच नव्हे, सगळ्याच निरोगी माणसांच्या) सरासरीचा, म्हणजे म्यूचा आहे. म्हणून शून्य परिकल्पना: म्यू = ९८.६. बरोबरीचं चिन्ह इथेच राहतं. पर्यायी परिकल्पना, म्हणजे शून्य परिकल्पना फेटाळली तर मानायचं ते विधान: म्यू ≠ ९८.६.

'सरासरी कमीच आली, मग पर्यायी परिकल्पनेत 'म्यू < ९८.६' का नको?' कारण कमी आली हे मोजल्यावर कळलं. पी-मूल्य म्हणजे शून्य परिकल्पना खरी असताना निव्वळ योगायोगाने इतका किंवा याहून मोठा फरक दिसण्याची शक्यता; ते जितकं कमी, तितकी शून्य परिकल्पना फेटाळणं सोपं. उत्तर बघून दिशा ठरवली की हे पी-मूल्य दुटोकी (कमी आणि जास्त, दोन्ही बाजू तपासणाऱ्या) चाचणीच्या निम्मं होतं. ही फुकटची सवलत झाली. मोजण्याआधीच 'खरं तापमान कमी असावं' अशी शंका असती, तर < चाललं असतं.

(एकाच माणसाची अनेक मोजमापं स्वतंत्र धरता येत नाहीत, ती भानगड वेगळीच.)