'ॲडव्हान्स परत मिळणार नाही' छापलं म्हणजे पैसे गेलेच?

लग्नसराईत हमखास फिरणारा समज: पावतीवर ही ओळ असली की डेकोरेटरने काहीही केलं तरी ॲडव्हान्स बुडाला.

तसं नाही. आधी करार कोणी मोडला ते पाहा. डेकोरेटर आलाच नाही, तर ती ओळ त्याला वाचवत नाही. ॲडव्हान्स आणि नुकसानभरपाई दोन्ही मागता येतात. तुम्ही रद्द केलंत, तरी भारतीय करार कायदा, १८७२ चं कलम ७४ त्याला वाजवी भरपाईच देतं. नुकसानीच्या मानाने अवाच्या सवा दंड लावणारा करार ग्राहक संरक्षण कायदा, २०१९ च्या कलम २(४६) नुसार अन्यायकारक ठरू शकतो. दोन्ही कलमं सरकारी संकेतस्थळावर मोफत वाचता येतात.

घोडं अडतं ते पुराव्यावर. म्हणून मांडव, फुलं, लायटिंग, जनरेटर, सजावट पूर्ण करण्याची वेळ आणि विशेषतः किती दिवस आधी रद्द केल्यास किती रक्कम कापणार, हे सहीनिशी लिहून घ्या.